एकतर्फी पोटगी आदेश आणि कधीच न मिळालेली स्थगिती

पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयाने माझ्या गैरहजेरीत दरमहा १५,००० रुपये पोटगीचा आदेश केला, तेव्हा बदलीमुळे मी नागपुरात राहत होतो. समन्स पुण्यातल्या जुन्या भाड्याच्या घरी गेले, तिथे दाराला चिकटवले गेले आणि मी ते जाणूनबुजून टाळतो आहे असे धरून प्रकरण एकतर्फी चालले. नातेवाइकांकडून आदेश कळला, तेव्हा तो होऊन जेमतेम तीन आठवडे झाले होते. पत्नीबद्दल माझी इथे तक्रार नाही. तिने कायद्याने मागता येते तेच मागितले. तक्रार आहे ती आदेश ‘उठवून देतो’ म्हणणाऱ्या माणसाबद्दल, कारण असे लोक न्यायालयांच्या आवाराबाहेर आणि ओळखीपाळखीतून सर्वत्र भेटतात.

एका सहकाऱ्याच्या ओळखीतून आलेले हे गृहस्थ स्वतःला वकील म्हणवत. त्यांचा पहिला सल्ला असा होता, की ‘साहेब, तुम्ही कोर्टाकडे फिरकूही नका, तुम्ही दिसलात तर थकबाकी भरायला लावतील, आपण थेट हायकोर्टात अपील टाकू.’ कायदा थोडा जरी चाळला असता, तरी हे वाक्य तिथेच उघडे पडते. पोटगीच्या अशा आदेशाविरुद्ध कौटुंबिक न्यायालय अधिनियम, १९८४ च्या कलम १९ नुसार अपील होतच नाही. उच्च न्यायालयात जाता येते ते पुनरीक्षणासाठी, म्हणजे आदेश कायद्याला धरून आहे का हे तपासून घेण्यासाठी. एकतर्फी आदेश रद्द करून घेण्याचा सरळ मार्ग मात्र ज्या न्यायालयाने तो दिला त्याच न्यायालयात असतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४५(२) मध्ये, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२६(२) मध्ये, गैरहजेरीचे सबळ कारण दाखवून आदेशापासून तीन महिन्यांच्या आत अर्ज करण्याची सोय आहे, आणि विरुद्ध पक्षाला खर्च देण्यासारख्या अटी घालून न्यायालय तो मंजूर करू शकते. आदेश कळला त्या दिवसापासून मुदत मोजावी असा युक्तिवाद करता येतो, पण मुदत हातात असताना त्या युक्तिवादाच्या भरवशावर राहण्यात काहीच शहाणपणा नाही.

नेमकी हीच मुदत त्या गृहस्थांनी खाल्ली. ‘फाइल बोर्डावर आहे’, ‘न्यायाधीश रजेवर आहेत’, ‘सुट्टीनंतर पहिला नंबर आपलाच’ असे सांगत त्यांनी तीन महिने उलटू दिले. पैसे कधी रोख, कधी त्यांच्या मेहुण्याच्या खात्यावर घेतले आणि पावती एकदाही दिली नाही. मग एके दिवशी व्हॉट्सॲपवर स्थगिती आदेशाचा फोटो आला, खाली ‘आता एक रुपयाही भरू नका’ असा मजकूर होता.

त्या कागदावर शिक्का होता, सही होती, शीर्षकात मात्र मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ होते. पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयाचे प्रकरण मुंबईच्या मुख्य पीठाकडे जाते, नागपूरला नाही. अर्जदार नागपुरात राहतो एवढ्यावरून कागद बनवणाऱ्याने खंडपीठ ठरवले असावे. (बनावट कागद बनवण्यातही आळस असतो, हे त्या दिवशी समजले.) हे लक्षात आले ते थकबाकीच्या वसुली अर्जाची नोटीस माझ्या कार्यालयात पोहोचल्यावर. कागदावरचा प्रकरण क्रमांक ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर टाकून पाहिला, तर तो दोन अनोळखी लोकांच्या चेकच्या वादाचा निघाला. पुण्याच्या न्यायालयात चौकशी केली, तेव्हा आदेशानंतर माझ्या वतीने एकही अर्ज आलेला नव्हता.

वसुलीची बाब हलकी समजू नये. पोटगी थकली तर न्यायालय वॉरंट काढू शकते आणि रक्कम वसूल झाली नाही तर थकलेल्या प्रत्येक महिन्यासाठी एक महिन्यापर्यंत कैद देऊ शकते. कैद भोगली म्हणून थकबाकी मिटत नाही. ‘भरू नका’ हा सल्ला त्यामुळे फुकटचा नसतो, त्याची किंमत तुम्हीच मोजता.

काम करणारा वकील प्रथम आदेशाच्या प्रमाणित नकलेसाठी अर्ज करतो आणि समन्सच्या बजावणीचा अहवाल पाहतो, कारण रद्द करण्याच्या अर्जाचा सगळा जोर त्या अहवालावर असतो. माझ्या बाबतीत बदलीचा आदेश आणि नागपुरातल्या घराचा भाडेकरार हेच खरे पुरावे होते, आणि त्या गृहस्थांनी ते कधी मागितलेही नव्हते. अर्ज दाखल झाला की त्याला क्रमांक पडतो. तो घेऊन ई-कोर्ट्सवर दोन्ही पक्षांची नावे आणि पुढची तारीख स्वतः पाहता येते. वकीलपत्रावर सनदेचा, म्हणजे वकिलीच्या परवान्याचा, क्रमांक असतो आणि तो वकिलांची नोंदणी करणाऱ्या राज्य बार कौन्सिलकडे पडताळून घेता येतो. माझ्या गृहस्थांनी दिलेला क्रमांक दुसऱ्याच कुणाचा निघाला, म्हणून बार कौन्सिलच्या शिस्तभंग चौकशीऐवजी मला पोलिसांत फसवणूक आणि बनावट दस्तऐवजाची तक्रार द्यावी लागली.

आता नव्या वकिलांनी विलंब माफीच्या अर्जासह आदेश रद्द करण्याचा अर्ज दाखल केला आहे. उत्पन्नाचे आणि मालमत्तेचे शपथपत्र, जे सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालापासून दोन्ही पक्षांना द्यावे लागते, मीही जोडले आहे. थकबाकीचा काही भाग न्यायालयात जमा केला असून चालू महिन्याची पोटगी पत्नीच्या खात्यावर भरतो आहे. अर्जावर अजून निर्णय व्हायचा आहे.