लातूरचा इंग्रजीचा क्लास: व्होकॅबसाठी जा, टेस्ट सीरीजसाठी नको

ग्रामर सगळीकडंच शिकवतेत, इथलंबी ठीकच हाय, त्यावर काही लिहीत नाही. इथं जायचं ते व्होकॅबसाठी. बाकी ठिकाणी शब्दांच्या यादीची झेरॉक्स हातात देतेत अन् पाठ करून या म्हणतेत, इथं सर एकच शब्द धरून बसतेत अन् त्याची पार सात पिढ्यांची कुंडली काढतेत.

परवा ‘ईक आउट’ घेतला. आपल्याला एवढंच माहिती की ‘ईक आउट अ लिव्हिंग’ म्हणजे कसंबसं पोट भरणं. सर म्हणले जुन्या इंग्रजीत ईक म्हणजे वाढवणं! आता वाढवणं कुठं अन् ओढाताण कुठं? तर असंय, जे कमी पडायलंय त्यात भर टाकून ते पुरवायचं, पाव्हणे वाढले की आमटीत तांब्याभर पाणी ओततेत तसं. मग पुढं भर न टाकता नुसतं जपून वापरून दिवस काढले तरी त्यालाबी ईक आउटच म्हणायला लागले. 2016 ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं होतं ना लातूरला, पहिल्या खेपेला 10 वाघिणी, साधारण 5 लाख लिटर, ती झाली भर, अन् घरोघरी भांड्याचं पाणी संडासाला ठेवायचे ती काटकसर, दोन्हीला क्रियापद एकच. वर्गात कुणालाच परत समजावून सांगावं लागलं नाही.

‘निकनेम’ पण त्यातूनच आलंय बरं का, आधी ‘ॲन ईकनेम’ म्हणजे वरचं जादा नाव, बोलता बोलता ॲनमधला न पुढच्या शब्दाला चिकटला. लॅटिनकडून आलेले ऑगमेंट अन् ऑक्शन, आपल्या संस्कृतातला ओजस, हे सगळे एकाच भावकीतले. ऑक्शनमधी बोली वाढत जाते म्हणून ते नाव, हे तर मला लैच आवडलं.

आता तक्रारी. तास संपायची वेळ ठरलेली नाही, गावाकडून येणाऱ्या पोरांची शेवटची एसटी हुकते अन् सरांना त्याचं काही नाही. कूलर एकच, त्याचं तोंडबी पुढच्या बाकांकडं. मागं बसलं तर फळ्यावरचं अक्षर दिसत नाही. टेस्ट सीरीज तर निव्वळ जुने पेपर जोडून केलेली, तिचे वेगळे पैसे भरू नका.

फी हप्त्यानं घेतेत, पावती मात्र मागून घ्या. डेमो लेक्चर फुकट हाय, सकाळच्या बॅचला बसून बघा, गर्दी कमी असते.