किगालीचे गिसोझी स्मारक: तासाभरात उरकू नये असे ठिकाण

रवांडाला जाणारे बरेच मराठी पर्यटक उत्तरेकडच्या डोंगरांतले गोरिला पाहण्यासाठी जातात आणि परतीचे विमान पकडण्याआधी हाती उरलेल्या वेळात राजधानीतले किगाली जेनोसाइड मेमोरियल, म्हणजे १९९४ च्या वंशसंहाराचे स्मारक, उरकून घेतात. सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत त्याला जेमतेम तासभर दिलेला असतो. तेवढ्या वेळात हे स्मारक पाहून होत नाही, आणि घाईघाईने पाहण्यापेक्षा ते न पाहिलेले बरे, असे माझे स्पष्ट मत आहे. निदान अर्धा दिवस हाताशी असेल तरच जावे.

शहरातील गिसोझी या भागातल्या टेकडीवर, वंशसंहाराला दहा वर्षे झाली तेव्हा, म्हणजे एप्रिल २००४ मध्ये, हे स्मारक खुले झाले. किगालीच्या नगर प्रशासनाने एजिस ट्रस्ट या ब्रिटिश संस्थेच्या साहाय्याने ते उभारले. ७ एप्रिल १९९४ पासून सुमारे शंभर दिवसांत अल्पसंख्य तुत्सी समाजातील माणसे, आणि त्यांच्या हत्येला विरोध करणारे बहुसंख्य हुतू समाजातले लोकही, सैनिकांच्या, इंटरहाम्वे या सशस्त्र टोळ्यांच्या आणि कित्येकदा स्वतःच्या शेजाऱ्यांच्या हातून मारले गेले. मृतांची संख्या आठ लाखांपासून पुढे सांगितली जाते; रवांडा सरकार ती दहा लाखांहून अधिक मानते. त्यांपैकी अडीच लाखांहून अधिक जणांचे अवशेष याच टेकडीच्या उतारावर पुरलेले आहेत. इथली प्रत्येक गोष्ट, अगदी तिकीट नसणे आणि कर्मचाऱ्यांचे हळू आवाजात बोलणेसुद्धा, या वस्तुस्थितीतून आलेली आहे. ज्यांची माणसे इथे आहेत त्यांच्यासाठी ही जागा चालवली जाते, आणि आपण पाहुणे आहोत हे कोणी न सांगताही लक्षात येते.

प्रवेश विनामूल्य आहे. ऑडिओ गाइडसाठी मात्र पैसे द्यावे लागतात आणि ते जरूर द्यावेत. इंग्रजी निवेदनाचा सूर संयत आहे. श्रोत्याला रडवण्याचा प्रयत्न त्यात कुठेही नाही, पार्श्वसंगीताचा मारा नाही, आणि जिथे थांबायला हवे तिथे ते थांबते. सुरुवातीला, संहारातून बचावलेल्या माणसांच्या मुलाखतींची एक छोटी चित्रफीत दाखवतात. ती चुकवू नये, कारण पुढचा सारा इतिहास त्या चेहऱ्यांच्या आधाराने ऐकायचा असतो.

तळमजल्यावरचे मुख्य प्रदर्शन हा स्मारकाचा सर्वांत भक्कम भाग आहे. हुतू आणि तुत्सी एकच भाषा बोलत, एकाच टेकडीवर राहत, आपसांत लग्ने करत. असे असताना बेल्जियन राजवटीने १९३० च्या दशकात ओळखपत्रावर जमात छापून ती भिंत कशी पक्की केली, आणि साठ वर्षांनी तेच ओळखपत्र रस्त्यावरच्या नाक्यानाक्यावर मृत्यूचा परवाना कसे ठरले, हे इथे क्रमाने उलगडते. नभोवाणीवरून चालवलेला द्वेषाचा प्रचार आणि आधीपासून करून ठेवलेल्या याद्या यांचाही तपशील आहे. संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेचे प्रमुख रोमेओ दालेर यांनी ११ जानेवारी १९९४ रोजी न्यूयॉर्कला पाठवलेला इशारा, आणि कत्तल सुरू झाल्यानंतर दोन आठवड्यांच्या आत सुरक्षा परिषदेने सुमारे अडीच हजारांचे ते सैन्य २७० वर आणण्याचा घेतलेला निर्णय, या दोन गोष्टी नीट वाचून मगच पुढे जावे. वरच्या मजल्यावर त्यांची गरज लागते.

वरच्या मजल्यावर मुलांचा कक्ष आहे. घरच्यांनी जपून ठेवलेली छायाचित्रे मोठी करून लावलेली आहेत, आणि प्रत्येकाखाली वय, आवडता खेळ, आवडते खाणे, जिवलग मित्र अशा चारसहा ओळी आणि शेवटी मृत्यूचे कारण. बारा वर्षांच्या एका मुलीला अंडी आणि बटाट्याच्या काचऱ्या आवडत, पोहायला आवडे. तिला कोयत्याने तोडले. दहा वर्षांच्या एका मुलाला फुटबॉल आवडे, लोकांना हसवायला आवडे, त्याला डॉक्टर व्हायचे होते. संयुक्त राष्ट्रांचे सैनिक आपल्यासाठी येतील, हे त्याचे शेवटचे शब्द म्हणून तिथे नोंदवले आहेत. खाली वाचलेला २७० हा आकडा इथे पुन्हा समोर उभा राहतो. दहा लाखांचा शोक कोणाला करता येत नाही. या कक्षाने एकेका मुलाला त्या संख्येतून बाहेर काढले आहे, आणि त्यासाठी रचनाकारांना मी मनापासून दाद देतो.

जगातील इतर वंशसंहारांवरचे दालन मात्र मला तोकडे वाटले. नामिबियातील हेरेरो, आर्मेनिया, ज्यूंचा संहार, कंबोडिया, बाल्कन हे सारे थोड्याशा जागेत कोंबल्यामुळे प्रत्येकाच्या वाट्याला जुजबी माहिती येते. कवट्या आणि हाडे काचेआड ठेवलेल्या कक्षाबद्दल माझे मन अजूनही द्विधा आहे. संहार झालाच नाही असे म्हणणारे आजही आहेत, त्यामुळे पुरावा डोळ्यांसमोर राहावा हा युक्तिवाद समजतो. पण ती कोणाची तरी माणसे आहेत आणि पाहणारे आपण परके आहोत, ही टोचणी जात नाही.

याहून गंभीर आक्षेप मौनाबद्दलचा आहे. संहार थांबवून सत्तेवर आलेल्या रवांडन पॅट्रियॉटिक फ्रंट या तुत्सींच्या नेतृत्वाखालील बंडखोर संघटनेच्या सैनिकांनी १९९४ मध्ये आणि त्यानंतर शेजारच्या काँगोमध्ये केलेल्या हुतू नागरिकांच्या हत्यांची नोंद संयुक्त राष्ट्रांच्या आणि मानवी हक्क संघटनांच्या अहवालांत आहे. त्या मृतांना अधिकृत शोकात जागा नाही. त्या हत्या वंशसंहाराच्या तोडीच्या होत्या असे मी म्हणत नाही, आणि तशी तुलना करणाऱ्यांचा हेतू पुष्कळदा वाईट असतो. तरीही ज्या घरांतून ती माणसे गेली तिथे उघडपणे रडता येत नसेल, तर तो प्रश्न स्मारकाच्या दारात उभा आहेच.

बाहेर बागेच्या उतारावर काँक्रीटच्या लांबरुंद लाद्यांखाली सामूहिक कबरी आहेत. एकेका शवपेटीत अनेकांचे अवशेष आहेत. नावांची भिंत अपुरी आहे, कारण कित्येक कुटुंबे समूळ गेल्यामुळे नाव सांगायलाही कोणी उरले नाही. पाया खणताना किंवा शेतात आजही अवशेष सापडतात आणि ते सन्मानाने पुन्हा पुरले जातात. देह हाती लागला नाही तर दर्भाचा पुतळा करून त्याला अग्नी देणाऱ्या आपल्याकडच्या माणसाला, तीस वर्षांनंतर मिळालेले एखादे हाड पुरण्यासाठी सगे दुरून का येतात, हे वेगळे समजवावे लागणार नाही.

दरवर्षी ७ एप्रिलला राष्ट्राध्यक्ष इथे ज्योत पेटवतात, त्यानंतर राष्ट्रीय शोकाचा आठवडा असतो आणि स्मरणाचे कार्यक्रम शंभर दिवस चालतात. त्या पहिल्या आठवड्यात पर्यटक म्हणून इथे जाणे मला योग्य वाटत नाही. ते दिवस घरच्यांचे आहेत. एरवी जाताना सहल कंपनीला वेळ वाढवून मागावा, साधे कपडे घालावेत, कबरींपाशी स्वतःचे फोटो काढू नयेत, आणि दहाबारा वर्षांखालच्या मुलांना आत नेऊ नये.

शक्य असेल तर दुसऱ्या दिवशी दक्षिणेला सुमारे ३० किलोमीटरवर असलेल्या न्यामाता येथील चर्चलाही जावे. २०२३ मध्ये युनेस्कोने गिसोझी, न्यामाता, मुराम्बी आणि बिसेसेरो या वंशसंहाराच्या चारही स्मारकस्थळांचा जागतिक वारसा यादीत समावेश केला. न्यामातात फलक थोडे आहेत. आसऱ्याला आलेल्या आणि तिथेच मारल्या गेलेल्या लोकांचे कपडे बाकांवर तसेच रचून ठेवले आहेत आणि पत्र्याच्या छताला भोके आहेत. गिसोझी आधी पाहिले तरच न्यामाता समजते, म्हणून क्रम उलटा करू नये.