डिस्क की डाउनलोड? दोन्ही प्रकारे गेम घेऊन बरेच महिने खेळल्यानंतर

गेम खेळायचा कन्सोल घेताना डिस्क ड्राइव्हवालाच घेतला आणि ठरवलं, की कोणत्याही एका पंथाला लागायचं नाही. काही गेम डिस्कवर घ्यायचे, काही कन्सोलच्या ऑनलाइन स्टोअरमधून उतरवायचे आणि कशाचा किती उपयोग होतो ते बघायचं. कन्सोल कोणत्या कंपनीचा ते मुद्दाम लिहीत नाही. हा रिव्ह्यू यंत्राचा नाही, खरेदीच्या पद्धतीचा आहे, आणि प्लेस्टेशन असो वा एक्सबॉक्स, अनुभव फारसा वेगळा येणार नाही. निन्टेन्डोचं थोडं वेगळं आहे, ते ओघात येईल.

आधी डिस्क नेमकं काय करते ते सांगतो, कारण 'डिस्क घेऊ की डाउनलोड करू' असं विचारणाऱ्यांचा घोटाळा बहुतेक वेळा इथेच झालेला असतो. डिस्क घातली की गेम डिस्कवरून चालतो, हे आता जुनं झालं. २०१३ मध्ये पीएस४ (म्हणजे प्लेस्टेशन ४) आणि एक्सबॉक्स वन आले तेव्हापासून डिस्कवरचा गेम आधी आतल्या स्टोरेजमध्ये उतरतो आणि तिथूनच चालतो. दुसरा इलाजही नाही. पीएस५चा एसएसडी, म्हणजे आतलं वेगवान स्टोरेज, सेकंदाला ५.५ जीबी वाचू शकतो; डिस्क वाचणारा ब्ल्यू-रे ड्राइव्ह त्याच्या शंभराव्या हिश्शालाही पोचत नाही. गेम सुरू करताना डिस्क आत लागते ती फक्त हा गेम तुमच्याकडे आहे ना, एवढं तपासायला. तेव्हा 'डिस्क घेतली तर जागा वाचेल' हा हिशेब सोडून द्या. पहिल्या पीएस५मध्ये ८२५ जीबींपैकी वापरायला साधारण ६६७ जीबी मिळतात, आणि डिस्कवाला गेमही त्यातली तेवढीच जागा खातो.

इन्स्टॉल करताना मात्र डिस्कचा फरक जाणवतो, निदान नेट धिमं असेल तर. पीएस५च्या डिस्कवर १०० जीबीपर्यंत माल मावतो. तेवढं डाउनलोड करायला माझ्या कनेक्शनवर रात्र जाते. डिस्कवरून ते काम त्या मानाने लवकर उरकतं. पण लगेच नाचू नका. डिस्क छापायला गेल्यानंतर गेम बनवणाऱ्यांनी जे काही दुरुस्त केलेलं असतं ते पहिल्या दिवशी अपडेट म्हणून येतं, आणि ते अपडेट कधी कधी एवढं दांडगं असतं की डिस्क घेतली कशाला असा प्रश्न पडावा.

'कॉल ऑफ ड्यूटी : मॉडर्न वॉरफेअर २' हा २०२२चा गेम आठवतो का? त्याच्या पीएस५ डिस्कवर जेमतेम ७० एमबीच्या आसपास माल होता. बाकीचं सगळं नेटवरून. खोकं रिकामं म्हणायला हरकत नाही. उलट 'फायनल फँटसी ७ रीबर्थ' दोन डिस्कवर आला, एक नुसता डेटा ओतायला आणि दुसरी खेळताना आत ठेवायला. निन्टेन्डोचे गेम डिस्कऐवजी छोट्या कार्डावर येतात; त्यांनी २०२५ मध्ये स्विच २ हा कन्सोल आणताना 'गेम-की कार्ड' नावाचा प्रकार काढला. त्या कार्डात गेम नसतोच, तो डाउनलोड करायची परवानगी असते. निदान खोक्यावर तसं छापलेलं असतं, एवढा प्रामाणिकपणा आहे. डिस्कवाल्या गेमच्या खोक्यावर 'इंटरनेट आवश्यक' वगैरे बारीक अक्षरांत असतं, ते वाचायची सवय मी लावून घेतली. काही हौशी मंडळी नेट तोडून एकेक डिस्क तपासतात आणि गेम शेवटपर्यंत पूर्ण होतो का ते जाहीर करतात. घेण्याआधी त्यांची नोंद बघणं हे कुठल्याही गुणांकनापेक्षा उपयोगी आहे.

एवढं ऐकून वाटेल की डिस्कमध्ये राम उरला नाही. तसं नाही. डिस्क म्हणजे किल्ली असेल, पण ती हातोहात देता येणारी किल्ली आहे. डाउनलोड केलेला गेम तुमच्या अकाउंटला चिकटतो. तो विकता येत नाही, कुणाला देता येत नाही, कंटाळा आला तरी मोडीत काढता येत नाही. डिस्कचं महत्त्व कंपन्यांना आपल्याआधी कळलं होतं. २०१३ मध्ये एक्सबॉक्स वन बाजारात येण्याआधी मायक्रोसॉफ्टने अट जाहीर केली होती की कन्सोलने २४ तासांतून एकदा नेटला जोडून घ्यावं, आणि डिस्क दुसऱ्याला देण्या-विकण्यावरही निर्बंध घातले होते. प्लेस्टेशनवाल्या सोनीने त्यावर एक छोटासा व्हिडिओ काढला : पीएस४चा गेम मित्राला कसा द्यायचा? एक माणूस दुसऱ्याच्या हातात खोकं देतो, संपला व्हिडिओ. लोक एवढे खवळले की मायक्रोसॉफ्टने त्याच जूनमध्ये ते नियम मागे घेतले.

माझ्या बाबतीत हिशेब असा झाला. कथेचे, एकट्याने खेळायचे गेम एकदा संपले की मी सहसा परत हात लावत नाही. असे गेम मी डिस्कवर घेतले, संपवले आणि पुढे सरकवले. काही विकले, काही मित्रांच्या डिस्कच्या बदल्यात दिले. नवीन असताना विकला तर बरीचशी किंमत परत येते. उशीर केला तर तोच गेम स्टोअरच्या सेलमध्ये निम्म्याने मिळायला लागतो आणि तुमची डिस्क कुणी विचारत नाही. म्हणून लवकर संपवायची घाई असते. ही घाई मला तर मानवली. डिस्क ड्राइव्हमध्ये पडून असते, दुसरा गेम लावायचा तर उठावं लागतं, त्यामुळे हातातला गेम तडीस जातो. डाउनलोड केलेल्या गेमांचं नेमकं उलटं. सेलमध्ये स्वस्त दिसले म्हणून घेतलेले कितीतरी गेम अजून उघडलेलेही नाहीत. ते स्वस्त पडले असं म्हणायची माझी तयारी नाही.

घरात दोन कन्सोल असतील तर पारडं फिरतं. माझा धाकटा भाऊ आणि मी एकाच वेळी एकच गेम खेळायला बसलो तर डिस्क एकालाच पुरते. डाउनलोडला तसं नाही. त्याचा कन्सोल माझ्या अकाउंटचा मुख्य कन्सोल म्हणून लावला, मी माझ्याकडे लॉगिन करून खेळतो, आणि एकदाच घेतलेला गेम दोघांनाही चालतो. प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स दोन्हीकडे ही सोय अधिकृत आहे, फक्त नावं वेगळी आहेत. यात एक मेख आहे : नेट गेलं की मुख्य कन्सोलवर गेम चालतो आणि माझ्याकडे कुलूप दिसतं. भावाला हे कळलंय आणि तो नेट गेलं की मुद्दाम फोन करून विचारतो, काय चाललंय म्हणून.

रोजचे गेम, म्हणजे अर्धा तास मिळाला की लावायचे, ते मात्र डाउनलोडच बरे. फुटबॉल, रेसिंग, मित्रांबरोबरची गोळीबारी. यांना डिस्क शोधा, बदला, ड्राइव्हची घरघर ऐका, हे परवडत नाही. शिवाय हे गेम सर्व्हरवर जगतात, त्यामुळे डिस्क असूनही काही वाचत नाही. यूबीसॉफ्टने 'द क्रू' या रेसिंग गेमचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ रोजी बंद केले. एकट्याने खेळायचा भागसुद्धा सर्व्हरवर अवलंबून होता, तेव्हा डिस्कवाले आणि डाउनलोडवाले एकाच ओळीत येऊन बसले. त्याच वर्षी सोनीचा 'कॉन्कॉर्ड' हा ऑनलाइन गेम दोन आठवड्यांत गुंडाळला गेला. तिथे पैसे तरी परत मिळाले.

ऑनलाइन स्टोअरच बंद झालं तर काय, हा प्रश्न मला फार जण विचारतात. निन्टेन्डोच्या थ्रीडीएस आणि वी यू या जुन्या यंत्रांचं ऑनलाइन दुकान, ईशॉप, मार्च २०२३ मध्ये खरेदीसाठी बंद झालं, एक्सबॉक्स ३६०चं स्टोअर २९ जुलै २०२४ रोजी. आधी घेतलेले गेम पुन्हा उतरवता येतात. नवीन घेता येत नाहीत. जे फक्त तिथेच डाउनलोडवर निघाले होते आणि दुसरीकडे कुठे आले नाहीत, त्यांचा अधिकृत रस्ता तिथे संपला. 'फोर्झा होरायझन ४' डिसेंबर २०२४ मध्ये विक्रीतून काढला, कारण गाड्यांच्या आणि गाण्यांच्या परवान्यांची मुदत. आज तो खेळावासा वाटणाऱ्याला जुनी डिस्क शोधता येते, हा डिस्कचा निखळ विजय. पण 'पी.टी.' या भयकथेच्या डेमोचं काय झालं ते बघा. २०१५ मध्ये कोनामीने तो प्लेस्टेशन स्टोअरमधून काढला, आणि ज्यांनी आधी उतरवला होता त्यांनी डिलीट केल्यावर पुन्हा उतरवण्याची वाटही उरली नाही. फुकट होता, हे खरं. तरी पुन्हा डाउनलोड करता येईल हा भरवसा दुसऱ्याच्या मर्जीवर असतो, हे त्यावरून नीट कळतं. कॅलिफोर्नियात आता कायदाच आहे : १ जानेवारी २०२५ पासून डिजिटल माल विकताना तुम्ही परवाना घेताय हे स्पष्ट सांगितल्याशिवाय 'खरेदी करा' असं बटण लावता येत नाही.

डिस्कही अमर नाही. ब्ल्यू-रेमध्ये माहितीचा थर पृष्ठभागापासून फक्त ०.१ मिलिमीटरवर असतो (डीव्हीडीत ०.६), म्हणून वर कडक लेप देतात, आणि तो लेप चांगला टिकतो. माझ्या जुन्या घेतलेल्या डिस्कवर बारीक ओरखडे होते, एकीनेही त्रास दिला नाही. खरी काळजी ड्राइव्हची. एक्सबॉक्स सिरीज एसमध्ये तो नाहीच, २०२४चा पीएस५ प्रो ड्राइव्हशिवायच येतो, आणि नव्या पीएस५ला वेगळा ड्राइव्ह लावला तर पहिल्यांदा जोडताना नेट लागतं. पीएस४च्या जुन्या डिस्क ज्यांच्याकडे आहेत त्यांनी हे लक्षात ठेवूनच कन्सोल निवडावा. ड्राइव्ह नसेल तर त्या डिस्कवर मिळणारं पीएस५चं अपग्रेडही, म्हणजे त्याच गेमची पीएस५साठीची आवृत्तीही, गेली.

परत करण्याबाबत एकच सांगतो. प्लेस्टेशन स्टोअरमध्ये १४ दिवसांची मुदत आहे, पण डाउनलोड सुरू केलं की ती सहसा लागू होत नाही, गेम सदोष असेल तर गोष्ट वेगळी. आवडला नाही, ही तक्रार तिथे चालत नाही. नावडलेली डिस्क विकून मोकळं होता येतं. नव्या, न अजमावलेल्या गेमसाठी मी डिस्क घेतो याचं सगळ्यात मोठं कारण हेच.

सेकंड हॅण्ड डिस्क घेणार असाल तर खोक्यावरच्या 'कम्प्लीट एडिशन' या शब्दांवर जाऊ नका. जादा भाग बऱ्याचदा डिस्कवर नसतात, आत एक कोडची चिठ्ठी असते, आणि ती पहिल्या मालकाने वापरून टाकलेली असते. विचारून घ्या. बहुतेक विकणारे खरं सांगतात, पण आपणहून कुणी सांगत नाही.