योकोसुकाची 'मिकासा': तोफगोळ्यांचा मार समजून घ्यायचा असेल तर जाच, पण आधी हे वाचून जा

टोकियोच्या आसपास असाल आणि जुन्या युद्धनौकांचं जराही वेड असेल तर योकोसुकाला जाऊन मिकासा बघाच, हे आधीच सांगून टाकते. माझ्याकडून ५ पैकी ४. तो एक मार्क का कापला ते पुढे येईलच.

केइक्यू लाइनच्या योकोसुका-चुओ स्टेशनवर उतरायचं, तिथून चालत पंधरा-वीस मिनिटं, मिकासा पार्कमध्ये शिरलात की समोर अॅडमिरल टोगोचा, म्हणजे १९०४-०५ च्या रशिया-जपान युद्धात या जहाजावरून जपानी ताफा चालवणाऱ्याचा, पुतळा आणि त्याच्या मागे जहाज. तिकीट काही शे येनचं आहे, मिळतं त्या मानाने काहीच नाही. जाण्याआधी वेळ तेवढी बघून घ्या, कारण बंद होण्याची वेळ सीझनप्रमाणे बदलते.

आता मुद्द्यावर येते. बहुतेक लोक इथे टोगोसाठी येतात, 'जपान जिंकला' या गोष्टीसाठी येतात. मी गेले ते एका प्रश्नासाठी. एका पोलादी युद्धनौकेवर दुसऱ्या युद्धनौकेने गोळे मारले की नक्की काय होतं? कुठे लागतं, काय मोडतं, माणसं कशाने मरतात, आणि जहाज बुडतं ते कशाने? हे समजून घ्यायला मिकासाइतकी चांगली जागा मला तरी माहीत नाही, कारण १९०६ च्या 'ड्रेडनॉट' या नव्या धर्तीच्या ब्रिटिश बॅटलशिपच्या आधीच्या पिढीतली, म्हणजे प्री-ड्रेडनॉट जातीची, जगात शिल्लक राहिलेली ही एकमेव बॅटलशिप आहे, आणि ती नुसती उभी राहिलेली नाही तर दोन मोठ्या लढायांमध्ये ताफ्याच्या सगळ्यात पुढे राहून मार खाल्लेली आहे. १० ऑगस्ट १९०४ ला पीत समुद्रात आणि २७ मे १९०५ ला त्सुशिमाला.

पण एक गोष्ट स्पष्ट सांगते म्हणजे अपेक्षाभंग होणार नाही. जहाजभर गोळ्यांची भोकं दिसतील असं डोक्यात ठेवून जाऊ नका. तेव्हाचं नुकसान तेव्हाच दुरुस्त झालं, युद्ध चालू असताना जहाज तसंच कोण ठेवणार. त्यानंतर या जहाजावर जे जे गुदरलं ते लढाईपेक्षा भयंकर आहे. युद्ध संपून काही दिवस होत नाहीत तोच सप्टेंबर १९०५ मध्ये सासेबो बंदरात उभी असताना दारूगोळ्याच्या कोठारात स्फोट झाला आणि मिकासा बुडाली, अडीचशेहून जास्त माणसं गेली, म्हणजे त्सुशिमाला रशियाच्या अख्ख्या ताफ्याला जे जमलं नाही ते बंदरात घडलं. पुढच्या वर्षी तिला वर काढलं, परत नीट केलं. मग १९२२ चा वॉशिंग्टनचा नौदल करार आला, त्यात ही भंगारात जायची होती, पण परत कधी समुद्रात जाणार नाही या अटीवर राहू दिली, म्हणून आज तिचा तळ जमिनीत रुतवलेला आहे, वाळू आणि काँक्रीट भरून. १९४५ नंतर तर तोफा गेल्या, डोलकाठ्या, धुराडी, ब्रिज (जहाज चालवण्याची वरची जागा) सगळं काढून टाकलं आणि वर चक्क मत्स्यालय आणि डान्स हॉल आला. शेवटी लोकांनी आवाज उठवला, अमेरिकेचा अॅडमिरल निमित्झसुद्धा मदतीला आला, आणि २७ मे १९६१ ला जहाज परत उघडलं. त्या वेळी चिलीची 'अल्मिरांते लातोरे' नावाची जुनी बॅटलशिप जपानमध्येच तोडायला आली होती, तिचे काही सुटे भाग मिकासावर बसवलेत. ती लातोरे पहिल्या महायुद्धात ब्रिटिशांकडे होती आणि जटलंडच्या लढाईत होती! हे कळल्यावर मी तिथल्या बारीकसारीक वस्तूंकडेसुद्धा वेगळ्या नजरेने बघायला लागले.

तर वरच्या १२ इंची तोफा आणि टरेट (तोफांची फिरती चिलखती घरं) प्रतिकृती आहेत, वरचा बराचसा भाग नव्याने उभारलेला आहे, आणि इंजिन, बॉयलर, कोळशाचे बंकर, दारूकोठार हे खालचं काहीच बघता येत नाही. एक मार्क गेला तो इथे. जहाजाचं नुकसान समजायचं तर वॉटरलाइनच्या, म्हणजे पाण्याच्या पातळीच्या, खाली काय काय असतं ते बघायला मिळायला हवं, आणि नेमकं तेच इथे शक्य नाही.

तरी जा असं का म्हणते? कारण जागा त्याच आहेत, उंची तीच, अंतर तेच. तुम्ही त्या जागी उभे राहता आणि मग वाचलेलं सगळं कळायला लागतं.

सगळ्यात आधी वरच्या उघड्या ब्रिजवर जा. शिडी उभी आहे, सावकाश चढा, गुडघ्यांचा त्रास असेल तर खालूनच बघा. वर टोगो, त्याचा चीफ ऑफ स्टाफ कातो, स्टाफमधलाच अकियामा कुठे कुठे उभे होते त्या जागा दाखवलेल्या आहेत. तिथे उभं राहून आजूबाजूला बघा, आडोसा म्हणून काही नाही. लढाईच्या वेळी होत्या त्या गुंडाळलेल्या झोळ्या, म्हणजे खलाशी ज्यात झोपायचे त्या कापडी झोळ्या घट्ट गुंडाळून कंपासच्या आणि कठड्याच्या भोवती बांधलेल्या, ब्रिजवरच्या टोगोच्या प्रसिद्ध चित्रात पण दिसतात. त्या गोळा अडवायला नाहीत, गोळा कशानेच अडणार नाही, त्या ठिकऱ्या अडवायला आहेत. आणि हा माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा धडा आहे, की तोफगोळ्याने माणसं मरतात ती बहुतेक वेळा गोळ्याने नाही तर ठिकऱ्यांनी. गोळ्याच्या कवचाचे तुकडे, आणि गोळा ज्याला लागला त्या लोखंडाचे, लाकडाचे, शिडीचे तुकडे.

मग तिथून खाली कॉनिंग टॉवर बघा. जाड पोलादी भिंतीची छोटीशी गोल खोली, मूळ जहाजात ही भिंत १४ इंच जाडीची होती, बघायला फक्त फटी. लढाईत कॅप्टनने आणि अॅडमिरलने इथे थांबावं अशी कल्पना. टोगो आत गेला नाही, वरच राहिला. त्सुशिमाला समोरच्या रशियन फ्लॅगशिपवर (ताफ्याच्या प्रमुखाच्या जहाजावर), 'क्न्याझ सुवोरोव'वर, अॅडमिरल रोझेस्टवेन्स्की मात्र कॉनिंग टॉवरमध्ये होता आणि तिथल्या फटी एवढ्या मोठ्या होत्या की ठिकऱ्या आत शिरल्या, आतली माणसं पडली, तो स्वतः जखमी झाला, सुकाणू बिघडलं आणि जहाज रांगेतून भरकटलं. म्हणजे चिलखत शाबूत आणि आतली माणसं गेली. या एका खोलीपाशी मी बराच वेळ उभी होते, लोक मात्र फोटो काढून पुढे जातात. प्लीज थांबा तिथे.

त्सुशिमाला दुपारी दोन वाजून गेल्यावर टोगोने सगळा ताफा रशियनांच्या समोर वळवला, एकामागून एक, त्याच जागी. मिकासा पहिली, त्यामुळे रशियनांचा मारा सगळा तिच्यावर. त्या दिवशी तिला तीसहून जास्त गोळे लागले, त्यातले बरेचसे सुरुवातीलाच. आणि तरी ती रांगेत राहिली, तोफा चालू राहिल्या. का? एक तर तिचं चिलखत चांगलं होतं, क्रुप पद्धतीचं पोलाद, वॉटरलाइनवर मध्यभागी ९ इंचांचा पट्टा, जहाज बांधलेलं इंग्लंडमध्ये बॅरोला, व्हिकर्सने. पण खरं कारण गोळ्यांमध्ये आहे, आणि हे कळल्याशिवाय म्युझियममधले गोळे बघण्यात काही अर्थ नाही.

रशियनांचे गोळे चिलखत फोडण्यासाठी बनवलेले, जाड कवच, आत स्फोटक थोडं, आणि फ्यूज (गोळा फोडणारी कळ) उशिरा फुटणारा, म्हणजे गोळा आत शिरल्यावर फुटावा असा. कल्पना बरोबरच होती पण बरेच गोळे फुटलेच नाहीत, किंवा पातळ भागातून आरपार जाऊन पलीकडे गेले. अशा गोळ्याने भोक पडतं, त्या भोकाच्या वाटेत जो असेल तो जातो, पण जहाज चालू राहतं. जपान्यांचे गोळे नेमके उलट. कवच पातळ, आत शिमोसे नावाचं पिक्रिक अॅसिडचं स्फोटक भरपूर, आणि इजुइन फ्यूज इतका नाजूक की दोरखंडाला किंवा पाण्याला लागला तरी गोळा फुटायचा. जाड चिलखत त्याने फुटत नव्हतं, पण बाकी जे जे चिलखताबाहेर असतं ते सगळं फाटत होतं, धुराडी, होड्या, ब्रिज, बिनचिलखती बाजू, आणि आग लागत होती, रंग पेटत होता, विषारी धूर पसरत होता.

या माऱ्याने लढाऊ जहाज बुडतं का, असं कुणी विचारलं तर उत्तर आहे रशियन बॅटलशिप 'ओस्ल्याब्या'. लढाई सुरू होऊन तास-सव्वा तासात ती गेली, फक्त तोफांच्या माऱ्याने बुडालेली पहिली आधुनिक चिलखती बॅटलशिप. नाकाच्या बाजूला वॉटरलाइनजवळ, जिथे चिलखत नव्हतं, तिथे मोठी भगदाडं पडली. त्यात रशियन जहाजं लांबून आलेली, कोळशाने वाजवीपेक्षा जड झालेली, म्हणजे चिलखताचा पट्टा पाण्यात जास्त खाली गेलेला आणि भोकं पाण्याच्या जवळ. शिवाय त्या दिवशी समुद्र खवळलेला. मग पाणी आत आलं की ते एका बाजूला जमतं, जहाज कलतं, कललं की वरची भोकंसुद्धा पाण्याखाली जातात आणि मग आवरत नाही. म्हणून म्हटलं की खालचा भाग बघायला हवा होता.

स्वतःच्या तोफांनीही नुकसान व्हायचं हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. तो नाजूक फ्यूज कधीकधी नळीतच दगा द्यायचा. पीत समुद्रातल्या लढाईत मिकासाला वीसेक गोळे लागले, सव्वाशेच्या आसपास माणसं मेली किंवा जखमी झाली, आणि मागचं टरेट बंद पडलं. त्या टरेटवर प्रिन्स फुशिमी होता, तो जखमी झाला. हे रशियन गोळ्याने की आपल्याच नळीत फुटलेल्या गोळ्याने यावर वाद आहे आणि माझं मत दुसऱ्या बाजूला झुकतं. त्सुशिमाला 'निशिन' क्रूझरवर एका तरुण कॅडेटची दोन बोटं गेली, तो म्हणजे पुढे दुसऱ्या महायुद्धात गाजलेला अॅडमिरल यामामोतो, आणि तिथेही हाच वाद आहे. मागच्या टरेटपाशी गेलात की हे आठवा, नाहीतर ती नुसती प्रतिकृती वाटते आणि लोक तिच्याकडे पाठ करून सेल्फी काढत बसतात.

बाजूच्या ६ इंची तोफांचा डेक मला सगळ्यात जास्त आवडला. तिथे गोळंदाजांचे पुतळे उभे केलेत आणि त्यामुळे जागा किती कमी होती ते लगेच कळतं, तोफ, गोळा, माणसं, आणि बाहेरच्या बाजूला ते एक चौकोनी उघडं तोंड. गोळा आत आला तर पळायला जागा नाही. लहान मुलांना घेऊन जाणाऱ्यांनी इथे थोडा वेळ द्या, मुलांना ही गोष्ट लगेच समजते.

आतल्या प्रदर्शनात मॉडेल्स, नकाशे, फोटो भरपूर आहेत, इंग्लिश माहिती बऱ्याच ठिकाणी आहे पण सगळीकडे नाही, फोनवरचं भाषांतर तयार ठेवा. अॅडमिरलची केबिन आणि मागची गॅलरी सुंदर आहे, तो भाग मी भरभर बघितला कारण माझा विषय तो नव्हता. एक सूचना एवढीच की इथे सूर विजयाचा आहे, रशियन जहाजांवर काय झालं ते आपलं आपण शोधावं लागतं. त्यासाठी जाण्याआधी 'ओरेल'चे फोटो नक्की बघा. ही रशियन बॅटलशिप दुसऱ्या दिवशी शरण आली, जपान्यांनी ती ताब्यात घेतली आणि तिचे फोटो राहिले, फाटलेली बाजू, चिंध्या झालेली धुराडी, सगळं. मिकासाच्या डेकवर उभं राहून ते फोटो फोनवर उघडले की एकाच दुपारी दोन प्रकारच्या गोळ्यांनी काय काय केलं ते समोरासमोर दिसतं. याच्यापेक्षा चांगला गाइड मिळणार नाही.

वेळ किती ठेवायचा? नुसतं फिरायचं तर तासाभरात होतं, पण असं थांबत थांबत बघायचं असेल तर निम्मा दिवस धरा. सकाळी उघडताच गेलात तर वरच्या ब्रिजवर गर्दी नसते. पावसात शिड्या निसरड्या होतात, चपला नको, बूट घाला. पार्कच्या शेजारूनच सारुशिमा बेटाची बोट सुटते, तिथे जुन्या तोफखान्यांचे अवशेष आहेत, दुपार मोकळी असेल तर तेही त्याच दिवशी जमतं.