ठासणीच्या रायफलचं क्लिनिंग किट: जॅग झकास, बाटली मात्र कामाची नाही

माझ्याकडे पॉइंट ५० ची (नळीचं भोक अर्ध्या इंचाचं) कॅपवाली ठासणीची रायफल आहे, म्हणजे दारू-गोळी तोंडातून ठासायची आणि मागे निपल नावाच्या पोकळ बोंडीवर बसवलेल्या छोट्या कॅपने बार उडवायचा, हुक ब्रीचची, म्हणजे नळी दस्त्यातून सहज उचलून काढता येते, आणि तिच्यासाठी घेतलेलं हे किट आता वर्षभर वापरून झालंय, प्रत्येक वेळी रेंजवरून आलो की त्याच दिवशी. त्यामुळे नुसता डबा उघडून लिहिलेला रिव्ह्यू नाहीये हा. पाचपैकी साडेतीन.

डब्यात येतं काय, तर तीन तुकड्यांचा पितळी गज, पितळेचाच जॅग (गजाच्या टोकाला बसणारा, पुसायची चिंधी धरणारा तुकडा), ब्राँझचा ब्रश, नळीत अडकलेली चिंधी काढायचा वर्म, नळीच्या तोंडाला लावायचा मझल गार्ड, निपलचा पाना, थोडे पॅच (नळी पुसायचे कापडाचे तुकडे) आणि सॉल्व्हंटची बाटली.

बाटलीपासूनच सुरू करतो कारण नवा माणूस तिच्यावरच विसंबतो. वर लिहिलंय सगळ्या बंदुकांसाठी, झाकण उघडलं की रॉकेलसारखा वास. आता काळी दारू म्हणजे सोरा, कोळसा आणि गंधक, साधारण ७५, १५, १० या प्रमाणात, आणि ती जळली की निम्म्याहून जास्त माल घन रूपातच राहतो, थोडा धुराबरोबर उडतो आणि बाकीचा नळीत काजळी होऊन बसतो. ही काजळी मुख्यतः पोटॅशियमचे क्षार, म्हणजे पाण्यात मस्त विरघळते, पण तेलकट सॉल्व्हंटमध्ये नाही विरघळत, उलट पेट्रोलियमचं तेल तिच्यात मिसळलं की डांबरासारखा चिकट लगदा होतो. मी पहिल्यांदा बाटलीवरच्या सूचनेप्रमाणेच केलं, दहाबारा पॅच काळेच निघत राहिले, शेवटी थोडे फिके झाले म्हणून तेल लावून ठेवून दिली आणि दुसऱ्या दिवशी पॅच फिरवला तर तपकिरी! गंज. कारण ते क्षार आत राहिले की हवेतली ओल ओढून घेतात. फार वाईट वाटलं त्या दिवशी, नळीला अजून तरी खड्डे पडले नव्हते एवढंच नशीब.

तेव्हापासून पाणी. बादलीत कोमट पाणी, त्यात भांड्यांच्या लिक्विड सोपचे दोन थेंब, बस. नळीला दस्त्यात धरून ठेवणारी पाचर काढायची, नळी दस्त्यातून उचलून वेगळी करायची, निपल काढून वाटीत भिजत टाकायचं, नळीची ब्रीचकडची, म्हणजे मागची, बाजू बादलीत बुडवायची आणि वरून जॅगला पॅच लावून पंपासारखं वरखाली करायचं. वर ओढलं की निपलच्या भोकातून पाणी आत शिरतं, खाली दाबलं की काळं पाणी बाहेर. पाणी काळं झालं की बदला, दुसरी बादली बहुतेक स्वच्छच राहते. काही जण उकळतं पाणी वापरतात, नळी तापते आणि पटकन सुकते हे खरंय, पण त्यानेच कधीकधी आत लगेच गंजाचा पातळ थर धरतो, म्हणून मी कोमटच घेतो.

आणि इथे या किटचा जॅग खरंच सुंदर काम करतो. पॅचसकट नळीत जाताना हलका दाब लागतो, सैल नाही आणि अडकतही नाही, खाचा नीट कापलेल्या आहेत त्यामुळे मागे ओढताना पॅच आत सुटून राहत नाही. वर्षभरात वर्मची गरज एकदाच पडली आणि तीही मी दोन पॅच एकावर एक लावले म्हणून.

मझल गार्डलाही पूर्ण मार्क. ठासणीच्या बंदुकीत सगळं तोंडाकडूनच आत जातं, गज तिथे घासत राहिला तर नळीच्या तोंडाची कड झिजते आणि नेम बिघडतो. गार्डमुळे गज मधोमध राहतो.

ब्राँझ ब्रश मी क्वचितच घालतो. कापडी पॅचमध्ये गुंडाळून शिशाची गोळी मारणाऱ्याला त्याची फारशी गरज नाही, आणि तो तळाशी जाऊन उलटा फिरेना म्हणून अडकला तर जोरात ओढू नका, घड्याळाच्या दिशेने हळूहळू फिरवत बाहेर काढा. प्लास्टिकचे सॅबो (गोळीभोवतीची प्लास्टिकची वाटी) वापरत असाल तर मात्र नळीच्या आतल्या खाचांमध्ये प्लास्टिक बसतं, तिथे ब्रश हवाच आणि सॉल्व्हंटही. म्हणजे बाटली अगदीच वाया नाही, पण डब्यावर हे कुठे लिहिलेलंच नाही ना.

आता मार्क कुठे गेले. बाटलीचे गेलेच. दुसरं म्हणजे किटच्या गजाचे आटे ८-३२ मापाचे आणि माझ्या रायफलच्या स्वतःच्या गजाचे १०-३२, म्हणजे एवढा चांगला जॅग रेंजवर दोन बारांच्या मध्ये पुसायला वापरता येत नाही, अडॅप्टर वेगळा शोधावा लागला. तिसरं, पेटंट ब्रीच असलेल्या नळीत तळाशी दारूची जागा नळीपेक्षा अरुंद असते, पॉइंट ५० चा जॅग तिथे पोचतच नाही, त्यासाठी छोटा ब्रश लागतो आणि तो डब्यात नाही. मी पॉइंट ३० चा घेतला, पहिल्यांदा घातला तेव्हा तिथून निघालेली घाण बघून धक्का बसला, एवढे दिवस नळी स्वच्छ आहे असंच समजत होतो.

आणि सगळ्यात जास्त राग आतल्या माहितीपत्रकाचा. बंदूक भरलेली नाही याची खात्री कशी करायची यावर एक ओळ नाही! ठासणीच्या बंदुकीत उघडून बघता येत नाही. कॅप काढलेली आहे हे आधी बघा, मग गज तळापर्यंत सोडा, रिकाम्या नळीत तो जिथपर्यंत जातो तिथे आधीच खूण करून ठेवलेली असली पाहिजे, खूण तोंडाच्या वर राहिली तर आत काहीतरी आहे, तिथेच थांबायचं. हे पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात पाहिजे होतं.

कॅपऐवजी चकमकीच्या ठिणगीने बार उडवणारी बंदूक असलेल्यांनी हे किट घेण्याआधी विचार करा. नळी पिनांनी बसवलेली असेल तर बादलीची पद्धत चालत नाही, कानाला (नळीच्या बाजूचं, ठिणगी आत जायचं भोक) लावायची फ्लश ट्यूब, म्हणजे पाणी खेळवायची नळी, लागते आणि ती यात नाही. कानात लाकडी काडी घालून वरून पाणी ओतूनही काम होतं, पण दस्त्याला पाणी लागू न देणं कटकटीचं आहे.

धुऊन झाल्यावर कोरडे पॅच पार कोरडे निघेपर्यंत फिरवायचे, मग तेलाचा एक, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा एक, तो पांढरा निघाला तरच सुटलो. बंदूक तोंड खाली करून ठेवा म्हणजे तेल ब्रीचमध्ये आणि लाकडात उतरत नाही. पुढच्या वेळी दारू भरायच्या आधी तेल पुसून घ्या आणि नळी रिकामी असताना, रेंजवर सुरक्षित दिशेला, तोंड गवताच्या पात्याजवळ धरून दोन कॅप उडवा, पातं हललं की वाट मोकळी.

किटमधले पॅच दोन खेपांतच संपले. परत विकत घेऊ नका, जुनी सुती चादर कापा, दोन इंची चौकोन. पॉलिएस्टर नको, ते पाणी पीत नाही.