सोलापुरात पाहिलेला 'तिबेट इन साँग'
सोलापुरातील एका चित्रपट मंडळाने न्गावांग चोफेल यांचा हा माहितीपट दाखवला. कर्नाटकातील मुंडगोडच्या निर्वासित वसाहतीत वाढलेले चोफेल लोकगीते ध्वनिमुद्रित करण्यासाठी १९९५ मध्ये तिबेटात गेले, तेथे अटक होऊन हेरगिरीच्या आरोपाखाली त्यांना १८ वर्षांची शिक्षा झाली आणि २००२ मध्ये सुटका झाल्यावर त्यांनी हे काम तडीस नेले. हे ठाऊक असले की पडद्यावरचा साधा गावरान आवाजही जात्यावरच्या ओवीसारखा काळजाला भिडतो. ध्वनियोजना उत्तम होती, वाद्याविना गायलेल्या गाण्यातला श्वाससुद्धा मागच्या रांगेत स्पष्ट ऐकू येत होता. उपशीर्षके मात्र केवळ इंग्रजीत असल्याने ज्येष्ठ प्रेक्षकांची फार अडचण झाली. मंडळाने पुढच्या खेळाला निदान गीतांचा मराठी भावार्थ छापून वाटावा, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.