थेट खरेदी की निवाडा? बगीचा जाणार असेल तर

समृद्धी महामार्गानंतर नागपूर जिल्ह्यात जमिनीच्या मोबदल्याचा ‘पाचपट’ हा शब्द घरोघरी पोहोचला. आता नागपूर-गोंदिया आणि नागपूर-चंद्रपूर द्रुतगती मार्गांची बोलणी सुरू झाल्यापासून ओळखीचे कास्तकार एकच विचारतात: थेट खरेदीला (संमतीनं खरेदीखत करून जमीन देण्याला) होकार द्यावा, की भूसंपादनाचा निवाडा (अधिकाऱ्यानं कायद्यानं ठरवलेला मोबदला) होऊ द्यावा? माझ्या मावसभावानं हिंगणा तालुक्यातलं कोरडवाहू वावर समृद्धीला थेट खरेदीनं दिलं. आमचा कळमेश्वरकडचा संत्र्याचा बगीचा दुसऱ्या एका प्रकल्पात गेला, तेव्हा मी निवाड्याची वाट धरली. म्हणून दोन्हीबद्दल थोडं बोलता येतं.

आकड्यांत थेट खरेदी पुढे आहे, ते आधीच मान्य करतो. २०१३ च्या कायद्यानुसार रेडीरेकनरचा (सरकारी दरपत्रकाचा) दर, किंवा जवळपासच्या तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी वरच्या दराच्या निम्म्या खतांची सरासरी, यांतला जास्तीचा धरतात. ग्रामीण भागात गुणक, म्हणजे त्या दराला ज्यानं गुणतात तो आकडा, दोन असेल तर ते दुप्पट, त्यावर शंभर टक्के सोलेशियम (जमीन सक्तीनं जाते म्हणून मिळणारी दिलासा रक्कम), म्हणजे चौपट. संमती दिली की त्यावर आणखी २५ टक्के, असं ते पाचपटीचं गणित. (गुणक सगळीकडे दोनच असेल असं धरून चालू नका, तुमच्या प्रकल्पाला कोणता लागतो ते विचारून घ्या.) निवाड्यात हे २५ टक्के सुटतात. बाजारभावावर वर्षाला १२ टक्के वाढ मिळते, पण ती ठरावीक काळापुरती; तेवढ्यानं तूट भरून निघेल असं मला वाटत नाही.

वेळेचंही तसंच. मावसभावाचं खरेदीखत नोंदलं गेलं आणि पैसे खात्यात आले. त्यानं त्यातून पलीकडे दुसरं वावर घेतलं. सातबाऱ्यावर एकट्याचं नाव, ना विहीर, ना झाड. त्याच्या जागी मी असतो तर मीही सही केली असती.

आमचं अडलं ते झाडांवर. झाडं, विहीर, पाइपलाइन यांची किंमत जमिनीपासून वेगळी काढतात. तिला गुणक लागत नाही, पण सोलेशियम लागतं. म्हणजे फळावरचं एक झाड यादीतून सुटलं की नुकसान दुप्पट. आणि आमच्याकडे संयुक्त मोजणी (सरकारी खात्यांनी मिळून जागेवर केलेली जमीन-झाडांची नोंद) झाली ती भर मे महिन्यात. मृग बहार घ्यायचा म्हणून आम्ही बगीचा ताणावर सोडला होता. पाणी तोडलेलं, पानं गळालेली, काड्या उघड्या. संत्रा लावणाऱ्या कोणालाही हे झाड जिवंत आहे आणि पावसाबरोबर फुलणार आहे हे कळतं. मोजणाऱ्यांनी मात्र कितीतरी झाडं वाळलेली म्हणून लिहिली. आमच्या वडिलांनी लावलेली, कळमना बाजारात गाड्या भरून माल दिलेली झाडं ती. तो कागद वाचताना फार लागलं.

थेट खरेदीत जमिनीचा दर आणि ही झाडांची यादी एकाच संमतीपत्रात समोर आली. यादीची दुरुस्ती नंतर बघू, असं सांगण्यात आलं. त्याच संमतीपत्रात पुढे होतं की वाढीव मोबदल्यासाठी कोणत्याही न्यायालयात जाणार नाही. मग नंतर म्हणजे कुठे आणि कोणाकडे? याचं उत्तर मिळालं नाही, आणि माझा निर्णय तिथेच झाला.

निवाड्याच्या वाटेवर हक्क-मागण्यांची नोटीस येते, सुनावणी होते, म्हणणं लेखी घ्यावं लागतं. मी आधीच्या बहाराचे फोटो, अडत्याच्या पट्ट्या (मालविक्रीच्या पावत्या), ठिबकचं बिल आणि सातबाऱ्यावरची पीक नोंद जोडली. पावसाळ्यात फेरतपासणी झाली तेव्हा झाडं हिरवीगार होती, आणि बहुतेक सगळी फळावरची म्हणून धरली गेली. जमिनीच्या दराचा वाद अजून भूसंपादनाचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाकडे आहे. तिथे मला फार मोठी आशा नाही, कारण आमच्या भागात खरेदीखतं रेडीरेकनरच्या आसपासच लिहिली जातात आणि खरा भाव कागदावर येत नाही. तरी एकट्या झाडांच्या फरकानं मला २५ टक्के सोडल्याची खंत राहिली नाही. तुमचा बगीचा लहान असेल तर हिशेब उलटाही निघू शकतो, तो आधी मांडून पाहा.

कोरडवाहू, निर्वेध, सगळे हिस्सेदार एकमतानं सही करणारे असतील तर थेट खरेदी बरी. ओलिताचं वावर, विहीर, उभा बगीचा असेल आणि यादी चुकली असेल, तर ती दुरुस्त होऊन हातात पडेपर्यंत संमती देऊ नये असं माझं मत आहे. दुरुस्त होत नसेल तर निवाडा.

निवाड्याकडे वळलात तर रक्कम घेताना ‘हरकत राखून’ असं लिहूनच घ्या, नाहीतर वाढीव मागणीचा हक्क जातो. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर वाढीव मागणीच्या अर्जाला सहाच आठवडे मिळतात. राष्ट्रीय महामार्ग असेल तर वाट वेगळी, तिथे लवादाकडे जावं लागतं. आणि मोजणीची नोटीस यायची वाट न पाहता झाडांवर फळ असतानाच धुऱ्यापासून धुऱ्यापर्यंत फोटो काढून ठेवा, ई-पीक पाहणीत संत्रा नोंदवा.